चोरट्या कॅसेटपासून फुकट लिंकपर्यंत : जोखीम कोणाच्या गळ्यात?

१/ जून १९९६ मध्ये ‘खिलाडियों का खिलाडी’ प्रदर्शित झाला. त्यात अक्षयकुमारने अंडरटेकरला खांद्यावर उचलले आणि देशभरातील शाळकरी मुलांनी चित्रपटगृहे डोक्यावर घेतली. पुढे कित्येक वर्षे तो अंडरटेकर खराच होता, अशी अनेकांची ठाम समजूत होती. प्रत्यक्षात ती भूमिका ब्रायन ली या अमेरिकी मल्लाने केली होती. गंमत अशी, की डब्ल्यूडब्ल्यूएफनेच ऑगस्ट १९९४ मधील ‘समरस्लॅम’ या कार्यक्रमात याच लीला ‘तोतया अंडरटेकर’ म्हणून खऱ्या अंडरटेकरसमोर, म्हणजे मार्क कॅलवेसमोर, उभे केले होते. अमेरिकेतला तोतया भारतात येऊन खरा ठरला.

२/ हे घडू शकले, कारण त्या पिढीने अंडरटेकर पाहिला होता तो बहुधा नकलेच्या नकलेवर. पडद्यावर मुंग्या, आवाजात खरखर, चेहऱ्यावर केस. व्यावसायिक कुस्तीची चित्रफीत भारतात गेली चार दशके अधिकृत वाटेने जितकी आली, तितकीच आडवाटेनेही आली. ती आडवाट कॅसेटची होती, मग केबलची झाली, मग सीडीची आणि आता लिंकची आहे. या प्रत्येक वेळी एक प्रश्न कायम राहिला : पकडले गेले, फसले किंवा बुडाले, तर कोण? हा धागा त्या प्रश्नाचा आहे. त्याचे उत्तर चाळीस वर्षांत पूर्ण बदलले आहे.

३/ हा बदल पाहण्यासाठी नागपूरचे सदर ही सोयीची जागा आहे. इंग्रजी अमलातील रेसिडेन्सीची आठवण नावात बाळगणारा रेसिडेन्सी रोड, लिबर्टी आणि स्मृती ही चित्रपटगृहे, पश्चिमेला सेमिनरी हिल्सवर दूरदर्शनचा मनोरा आणि शेजारच्या सिव्हिल लाइन्समध्ये मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर खंडपीठ. करमणूक, प्रक्षेपण आणि कायदा एकमेकांपासून हाकेच्या नाही, तरी सायकलच्या अंतरावर.

४/ आधी ‘व्यावसायिक कुस्ती’ म्हणजे काय, ते स्पष्ट असलेले बरे. लाल मातीतल्या मल्लाला ती कुस्ती वाटत नाही आणि त्याचे बरोबर आहे. मराठीत ‘नुरा कुस्ती’ हा शब्द आहे : निकाल आधी ठरवून लढलेली कुस्ती. आज तो राजकारण्यांसाठीच अधिक वापरला जातो, पण मूळ अर्थाने तो अमेरिकी व्यावसायिक कुस्तीला तंतोतंत लागू पडतो. १९८९ मध्ये न्यू जर्सी राज्याच्या विधिमंडळासमोर डब्ल्यूडब्ल्यूएफने हे स्वतःच मान्य केले. आपला कार्यक्रम क्रीडास्पर्धा नसून करमणूक आहे, असे सांगितल्याने क्रीडा आयोगाच्या नियमांतून सुटका होत होती. थोडक्यात, ही लिहिलेली, बसवलेली आणि चित्रित केलेली नाट्यकृती. दंगलीत कोण जिंकले ही बातमी असते आणि बातमीवर कोणाची मालकी नसते. इथे मात्र निकालसुद्धा लेखकाने लिहिलेला असतो. चित्रीकरणाला प्रताधिकाराचे, म्हणजे कॉपीराइटचे, संरक्षण दोन्हीकडे आहे. नुरा कुस्तीत संहितेचे वरकड संरक्षण मिळते.

५/ महाराष्ट्राला ही चीज नवी नव्हती. १९५० आणि ६०च्या दशकांत मुंबईत ‘फ्री-स्टाइल’ कुस्त्यांना तुडुंब गर्दी होई. दारासिंग आणि किंगकाँग ही जोडी घराघरांत ठाऊक होती. १९६८ मध्ये दारासिंगने लू थेझला हरवले तेही मुंबईतच. पण या लढती पाहायच्या तर मैदानावर जाणे भाग होते. नागपूरच्या माणसाच्या हाती वृत्तपत्रातील छायाचित्र आणि दारासिंगचे चित्रपट, इतकेच येई. लढत घरी आणता येत नव्हती.

६/ ती घरी आणली व्हिडिओ कॅसेटने. १९८२च्या दिल्ली आशियाई स्पर्धांच्या निमित्ताने रंगीत दूरचित्रवाणी आली आणि तिच्या पाठोपाठ व्हीसीआर. विकत घेणे थोड्यांनाच परवडे. भाड्याने आणणे मात्र मोहल्ल्याला जमे. वर्गणी काढून टीव्ही आणि व्हीसीआर एका रात्रीपुरता आणायचा आणि पहाटेपर्यंत तीन चित्रपट संपवायचे, हा त्या दशकाचा परिपाठ. गल्लोगल्ली व्हिडिओ लायब्ऱ्या उभ्या राहिल्या. अनामत रक्कम, सभासदांची वही, फळीवर ओळीने मांडलेल्या कॅसेटी आणि ‘मास्टर प्रिंट आहे की कॅमेरा प्रिंट?’ हा ठरलेला प्रश्न.

७/ चित्रपट व्यवसायाचा नकाशा तोपर्यंत वेगळ्याच काळातला होता. हा व्यवसाय देशाची विभागणी ‘सर्किट’मध्ये करतो आणि नागपूर येते ‘सी. पी. बेरार’ सर्किटमध्ये. मध्यप्रांत व वऱ्हाड हा प्रांत १९५० मध्ये नावाने आणि १९५६ मध्ये रचनेने इतिहासजमा झाला, पण वितरकांच्या वहीत तो आजही जिवंत आहे. वितरक प्रदर्शनाचे हक्क सर्किटच्या हद्दीपुरते विकत घेई. कॅसेटला ही हद्द ठाऊक नव्हती. दिल्ली-चेन्नई आणि मुंबई-हावडा हे दोन्ही रेल्वेमार्ग नागपुरात एकमेकांना छेदतात. जी वस्तू पिशवीत मावते ती दोन्ही दिशांनी इथे येऊ शकत होती. अमेरिकी कुस्तीला तर भारतात वितरकच नव्हता. जी कॅसेट आली ती कोणाच्या तरी सामानातून आली.

८/ अमेरिकेत त्याच वर्षांत या धंद्याचे रूप बदलत होते. ३१ मार्च १९८५ रोजी न्यू यॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये पहिली ‘रेसलमेनिया’ झाली. ‘कोलिसियम व्हिडिओ’ या नावाने डब्ल्यूडब्ल्यूएफच्या अधिकृत कॅसेटी विक्रीला आल्या. मार्च १९८७ मध्ये पॉन्टियॅकच्या सिल्व्हरडोममध्ये हल्क होगनने आंद्रे द जायंटला उचलून आपटले. कंपनीने प्रेक्षकसंख्या ९३,१७३ सांगितली. कुस्तीचे अभ्यासक त्या आकड्याबद्दल अजून भांडतात. कंपनी निकाल ठरवते, तेव्हा प्रेक्षकांचा आकडाही ठरवत असेल, असे म्हणणारे त्यांत आहेत.

९/ इथे एक तांत्रिक अडचण होती आणि तिच्यातच चोरट्या कॅसेटची पहिली जोखीम दडलेली आहे. अमेरिकी कॅसेट ‘एनटीएससी’ पद्धतीची : ५२५ रेषा, सेकंदाला सुमारे ३० चित्रे. भारतातील पद्धत ‘पाल’ : ६२५ रेषा, २५ चित्रे. अमेरिकेहून आलेली कॅसेट साध्या भारतीय संचावर लावली तर चित्र कृष्णधवल होई, नाही तर वर-खाली गडगडत राही. त्यासाठी ‘मल्टिसिस्टिम’ यंत्र हवे. ब्रिटन किंवा आखाती देशांतून आलेली कॅसेट ‘पाल’ असल्याने तिला अधिक मागणी. मग दोन यंत्रे जोडून तिची नक्कल, नकलेची नक्कल. टेप वाचवण्यासाठी ती ‘एलपी’वर, म्हणजे निम्म्या वेगाने, भरली जाई, तीन तासांच्या टेपवर सहा तास मावत, पण चित्राचा कस जाई. १९८०च्या दशकाच्या मध्यापासून अनेक कंपन्या अधिकृत कॅसेटींत नक्कलरोधक संकेत घालू लागल्या. अशा कॅसेटची नक्कल केली, की पडदा ठरावीक वेळाने काळवंडे आणि पुन्हा उजळे. पाहणाऱ्याला वाटे, विजेचा दाब कमी-जास्त होतो आहे.

१०/ म्हणजे प्रेक्षकाची जोखीम काय? खराब चित्र. बुरशी आलेल्या किंवा भुकटी सुटणाऱ्या टेपने व्हीसीआरचे ‘हेड’ धरले, तर ते स्पिरिट लावून पुसावे लागे आणि यंत्र भाड्याचे असेल, तर मालकाची बोलणी खावी लागत. याहून अधिक काही नाही. खरी जोखीम फळीच्या पलीकडे बसलेल्या माणसाची होती.

११/ कारण १९८४ मध्ये संसदेने प्रताधिकार कायदा बदलला, तो मुख्यतः व्हिडिओ पायरसी डोळ्यांसमोर ठेवून. कलम ६३ खाली शिक्षा झाली किमान सहा महिने ते कमाल तीन वर्षे कारावास, शिवाय ५० हजार ते २ लाख रुपये दंड. १९८४ सालचे २ लाख, हे विसरू नये. उपनिरीक्षक किंवा त्यावरील दर्जाच्या पोलीस अधिकाऱ्याला वॉरंटविना कॅसेटी जप्त करण्याचा अधिकार मिळाला. नवे कलम ५२-अ आले : व्हिडिओ फिल्मवर निर्मात्याचे नाव-पत्ता, हक्कधारकाची परवानगी मिळाल्याचे निवेदन आणि जिथे सेन्सॉर आवश्यक तिथे प्रमाणपत्राची प्रत दाखवलीच पाहिजे. ते मोडल्यास कलम ६८-अ खाली तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड.

१२/ हे कलम ध्यानात घेतले, की एक विलक्षण गोष्ट दिसते. लंडनच्या दुकानातून पूर्ण पैसे मोजून आणलेली कॅसेट ‘असली’ असे. तरीही ती सदरमधल्या एखाद्या लायब्ररीत भाड्याने ठेवली, की दुकानदार अडचणीत येऊ शकत होता. असली-नकलीचा प्रश्न निराळा, परवानगीचा निराळा. २००९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने वॉर्नर ब्रदर्सच्या खटल्यात हेच स्पष्ट केले. दिल्लीतील एक दुकान अमेरिकेत विकल्या गेलेल्या अस्सल डीव्हीडी आणून भाड्याने देत होते. प्रती अस्सल असल्या, तरी हक्कधारकाच्या परवानगीविना त्या आयात करून भाड्याने देणे हा भंगच, असे न्या. रवींद्र भट यांनी ठरवले. तोवर बहुतेक लायब्ऱ्यांचे फलक उतरले होते, हा भाग वेगळा.

१३/ १९९१ मध्ये हाँगकाँगहून स्टार टीव्ही सुरू झाली. गच्चीवर डिश, डिशपासून घरांपर्यंत झाडा-खांबांवरून लोंबणाऱ्या काळ्या तारा आणि महिन्याच्या पहिल्या आठवड्यात पैसे मागायला येणारा केबलवाला. याच दशकात डब्ल्यूडब्ल्यूएफ कॅसेटीतून सुटून दिवाणखान्यात आली. पाठोपाठ ट्रम्प कार्डे आली. उंची, वजन, छाती, दंड, लढलेल्या आणि जिंकलेल्या लढती : पाढे पाठ नसलेल्या मुलांना हे आकडे पाठ होते.

१४/ केबलवाल्याकडे उपग्रहाच्या वाहिन्यांखेरीज बहुधा एक स्वतःचीही वाहिनी असे. एका खोलीत व्हीसीआर लावायचा आणि त्यातली कॅसेट शेकडो घरांत एकदम दिसायची. हे कायद्याने चालते का, याचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाने स्टार टीव्ही येण्याआधीच, १९८९ मध्ये, दिला होता. गरवारे प्लॅस्टिक्स अँड पॉलिएस्टर विरुद्ध टेलिलिंक हा तो खटला. गरवारेकडे चित्रपटांचे व्हिडिओ हक्क होते आणि मुंबईतील केबलचालक त्या कॅसेटी तारेवरून घरोघर दाखवत होते. बचाव साधारण असा होता, की प्रत्येक जण आपापल्या घरात पाहतो, मग हे जाहीर प्रदर्शन कसे? न्या. सुजाता मनोहर यांनी तो मान्य केला नाही. पैसे भरणारी असंख्य घरे म्हणजे जनताच. घराच्या भिंतींनी ती खासगी होत नाही. मुंबईत दिलेला हा निकाल नागपूर खंडपीठाच्या हद्दीतही तितकाच लागू. आज कोणी आपल्या समूहात सामना ‘लाइव्ह’ लावतो आणि ‘हे आमचे खासगी आहे’ म्हणतो, तेव्हा तो १९८९ मध्ये हरलेलाच बचाव पुन्हा करत असतो.

१५/ १९९५ मध्ये केबल दूरचित्रवाणी जाळे नियमन कायदा झाला. केबलचालकाला नोंदणी आवश्यक ठरली आणि त्याची यंत्रसामग्री जप्त करण्याची तरतूद झाली. जोखीम अजूनही मधल्या माणसाच्याच गळ्यात. प्रेक्षकाचे फार तर एका संध्याकाळचे नुकसान : चित्र गेले, फोन केला, ‘मेन लाइनमध्ये प्रॉब्लेम आहे’ असे उत्तर मिळाले.

१६/ मग २००२ उजाडले आणि कुस्तीच्याच वाहिनीमुळे भारतीय कायद्यात एक नवे पान उघडले. त्या वर्षी मे महिन्यात डब्ल्यूडब्ल्यूएफचे नाव डब्ल्यूडब्ल्यूई झाले. निसर्ग संरक्षणाचे काम करणाऱ्या, पांडा हे बोधचिन्ह असलेल्या संस्थेने तीच आद्याक्षरे आपली असल्याचा लढा ब्रिटनमधील न्यायालयात जिंकला होता. त्याच वर्षी ‘टेन स्पोर्ट्स’ सुरू झाली. पुढली अनेक वर्षे भारतीय प्रेक्षकांसाठी टेन स्पोर्ट्स म्हणजेच कुस्ती, पण आरंभी वाहिनीची भिस्त होती जपान-कोरियातील फुटबॉल विश्वचषकावर. अनेक केबलचालक परवाना न घेताच तो दाखवू लागले. वाहिनीची मालक ताज टेलिव्हिजन दिल्ली उच्च न्यायालयात गेली. अडचण अशी, की दावा कोणावर लावायचा? गल्लोगल्लीच्या केबलचालकांची नावे कोणाला ठाऊक?

१७/ जून २००२ मध्ये न्यायालयाने अनोळखी प्रतिवादींविरुद्धच आदेश दिला. इंग्रजी परंपरेत अशा निनावी माणसाला ‘जॉन डो’ म्हणतात. भारतीय न्यायालयांत त्याचे बारसे ‘अशोककुमार’ या नावाने झाले. आयुक्त नेमले गेले. विनापरवाना प्रक्षेपण दिसेल तिथे शिरून पुरावा गोळा करण्याची मुभा त्यांना मिळाली. ‘ताज टेलिव्हिजन विरुद्ध राजन मंडल’ हा खटला भारतातील पहिला ‘जॉन डो’ आदेश म्हणून ओळखला जातो. मधल्या माणसाचे नाव माहीत नसले तरी चालेल, अशी सोय कायद्याने करून घेतली. पण तो माणूस अजून कुठे तरी एका खोलीत, एका तारेच्या टोकाला होता. दार ठोठावता येत होते.

१८/ याच सुमारास सीडी आल्या. पदपथावर चादर पसरली, की दुकान तयार. कुस्तीच्या सीडींवर छापील वेष्टन एका कार्यक्रमाचे आणि आत भलताच कार्यक्रम, हा तर नित्याचा विनोद. २००७ मध्ये मोझर बेअरने चित्रपटांच्या व्हीसीडी २८ आणि डीव्हीडी ३४ रुपयांना विकायला काढल्या, म्हणजे पदपथाशी थेट पदपथाच्या भावात स्पर्धा. छाप्यांच्या तुलनेत ही चाल कितीतरी शहाणपणाची होती. तिच्याबद्दल फारसे लिहिले गेले नाही, याचे आश्चर्य वाटते. जुलै २००७ मध्ये द ग्रेट खली, म्हणजे दलीपसिंग राणा, जागतिक हेवीवेट विजेता झाला आणि मागणी आणखी वाढली.

१९/ महाराष्ट्राने मात्र दंडुका निवडला. हातभट्टीवाले आणि झोपडपट्टीदादा यांच्यासाठी १९८१ मध्ये केलेल्या प्रतिबंधक स्थानबद्धतेच्या कायद्यात, म्हणजे एमपीडीएमध्ये, २००९ साली व्हिडिओ पायरसी करणाऱ्यांचा समावेश झाला. नागपूरच्या वृत्तपत्रांत एखाद्या गुंडाला स्थानबद्ध केल्याची बातमी येते, तेव्हा कायद्याचे जे लांबलचक नाव छापले जाते त्यात ‘दृक्‌श्राव्य कलाकृतींचे विनापरवाना प्रदर्शन करणाऱ्या व्यक्ती’ हे शब्द असतात. ते आले इथून. खटला न चालवता वर्षभरापर्यंत अटकेत ठेवण्याची ही तरतूद. पदपथावर सीडी विकणारा पोऱ्या आणि हातभट्टीवाला कायद्याच्या एकाच ओळीत उभे राहिले.

२०/ आणि नेमक्या त्याच वर्षांत तो पोऱ्या नाहीसा होत होता. आधी मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्ड भरून मिळू लागले. पुढे सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आले, डेटा स्वस्त झाला आणि मेमरी कार्ड भरायला दुकानात जायचेही कारण उरले नाही. लायब्ररी, केबलवाला, सीडीवाला, मोबाइलवाला : मधला माणूस पायरीपायरीने विरघळला. उरली एक लिंक.

२१/ न्यायालयांनी पाठलाग सोडला नाही. एप्रिल २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने यूटीव्हीच्या खटल्यात ‘गतिमान मनाई’ची वाट उघडली : बंदी घातलेले संकेतस्थळ नाव बदलून परत आले, तर नव्याने दावा न लावता त्या नव्या पत्त्यावरही बंदी घालता येते. २०२२ मध्ये त्याच न्यायालयाने टेलिग्रामला प्रताधिकारभंग करणाऱ्या वाहिन्या चालवणाऱ्यांची माहिती उघड करायला लावली. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने ‘निट प्रो’ खटल्यात कलम ६३चा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र असल्याचे सांगितले. म्हणजे लढतीची फाइल चढवणारा, वाहिनी चालवणारा, पुढे वाटणारा यांना कायद्याचा धाक आजही आहे आणि तो वाढला आहे.

२२/ पण नुसते पाहणारा? याबद्दल मुंबई उच्च न्यायालयाने २०१६ मध्ये जे म्हटले, ते नागपूरच्या प्रत्येक प्रेक्षकाला माहीत असायला हवे. ‘ढिशूम’ चित्रपटाच्या निमित्ताने इरॉस कंपनी न्यायालयात गेली होती. त्या काळी बंद केलेले संकेतस्थळ उघडले, की पडद्यावर इशारा येई : हा पत्ता पाहणे, उतरवून घेणे, दाखवणे हा दंडनीय गुन्हा आहे. देशभर घबराट उडाली. न्या. गौतम पटेल यांनी स्पष्ट केले, की गुन्हा पाहण्यात नाही. तो परवानगीविना वाटण्यात, जाहीर दाखवण्यात, विकण्यात किंवा भाड्याने देण्यात आहे. इशाऱ्याचा मजकूर त्यांनी बदलायला लावला. फाइल उतरवून साठवणे आणि पुढे पाठवणे ही अर्थातच निराळी बाब. ती नक्कल ठरते.

२३/ तरीही तो जुना इशारा लोकांच्या मनातून गेला नाही. त्याचा फायदा कोण घेते, ते पाहण्यासारखे आहे. फुकट लढत दाखवणाऱ्या संकेतस्थळाला वर्गणी नसते, मग ते चालते कशावर? जाहिरातींवर आणि त्याहून वाईट गोष्टींवर. लढतीच्या चौकटीवर तीन-चार खोटी ‘प्ले’ची बटणे असतात, एखादे नवे पान उघडते, एखादे ‘प्लेअर अद्ययावत करा’ सांगते. सप्टेंबर २०१७ मध्ये ‘द पायरेट बे’ या जुन्या संकेतस्थळावर भेट देणाऱ्यांच्या संगणकाची ताकद त्यांना न सांगता कूटचलन मिळवण्यासाठी वापरली जात असल्याचे उघड झाले. संगणकाचा पंखा का घोंघावतो आहे, हे पाहणाऱ्याला कळले नव्हते. व्हीसीआरचे हेड खराब होण्याचा हा आधुनिक अवतार. फरक इतकाच, की इथे ते मुद्दाम केले होते.

२४/ मोबाइलवर प्रकार अधिक गंभीर होतो. ‘सगळे सामने मोफत’ असे सांगणारे ॲप अधिकृत दुकानात मिळत नाही. त्याची एपीके फाइल समूहातून येते. ती बसवताना फोन इशारा देतो, तो बाजूला सारावा लागतो. मग ॲप संदेश वाचण्याची परवानगी मागते, कधी पडद्यावर ताबा मिळवून देणारी ‘ॲक्सेसिबिलिटी’ची परवानगी मागते. कुस्ती दाखवण्यासाठी यांपैकी कशाचीच गरज नसते. संदेश वाचता आले, की बँकेचा ओटीपी वाचता येतो. काही ठिकाणी ‘वय पडताळणीसाठी’ कार्डाचा क्रमांक मागितला जातो. फुकट वस्तूसाठी कार्ड कशाला, हा प्रश्न सामन्याच्या घाईत सुचत नाही. आणि घाई तर असतेच : अमेरिकेत सोमवारी रात्री सुरू होणारा ‘रॉ’ भारतात मंगळवारी पहाटे लागतो आणि शाळा-कॉलेजात पोचेपर्यंत निकाल फुटलेला असतो.

२५/ हक्कांची अदलाबदल या घाईत भर घालते. टेन स्पोर्ट्स झीकडून सोनीकडे गेली. त्या व्यवहाराची घोषणा २०१६ मध्ये झाली, किंमत ३८.५ कोटी डॉलर. १ एप्रिल २०२५ पासून भारतात डब्ल्यूडब्ल्यूई नेटफ्लिक्सवर गेली. केबलचे पैसे भरणाऱ्या घरात, जिथे दोन दशके कुस्ती पॅकेजमध्येच मिळत होती, तिथे ती एका सकाळी नाहीशी झाली. नेटफ्लिक्सची सर्वांत स्वस्त, फक्त मोबाइलवर चालणारी योजना महिना १४९ रुपयांची. कंपनीच्या यूट्यूब वाहिनीवर निवडक प्रसंग फुकटही दिसतात. पण आजोबा आणि नातू मिळून मोठ्या पडद्यावर पूर्ण लढत पाहत, त्या घराला या दोन्हींचा उपयोग नाही. शोध सुरू होतो तो तिथून.

२६/ आता कॅसेटच्या काळाशी ताळा मांडावा. लायब्ररीवाल्याचे दुकान होते, वही होती, चेहरा होता. कॅसेट खराब निघाली, तर दुसऱ्या दिवशी त्याच्याशी भांडता येई. छापा पडला तर तुरुंगात तो जाई. सभासद फार तर अनामत गमावी. लिंकमागच्या माणसाला चेहरा नाही, तो कोणत्या देशात आहे हेही ठाऊक नाही, त्याच्यावरील बंदीच्या आदेशात त्याचे नाव ‘अशोककुमार’ आहे. त्याच्यावर कायदा कडक झाला, पण तो सापडत नाही. ज्याच्यावर कायद्याचा रोख नाही, तो प्रेक्षक मात्र प्रत्येक वेळी सापडतो. त्याचा फोन, त्याचे खाते, त्याचा क्रमांक, सगळे त्या पानासमोर उघडे असते.

२७/ आणि खाते रिकामे झाल्यावर तो गप्प बसतो. ‘कुठून घेतले हे ॲप?’ या प्रश्नाचे उत्तर पोलीस ठाण्यात द्यायचे म्हणजे आपणच आपला गुन्हा कबूल करायचा, असे त्याला वाटते. अनेकदा फोन वडिलांचा असतो आणि ॲप मुलाने बसवलेले असते. मग गप्प बसण्याला आणखी एक कारण. २०१६चा तो खुलासा कोणी त्याला सांगितलेला नसतो.

२८/ या गप्प बसण्याची किंमत मोजता येते. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार, ग्राहकाच्या निष्काळजीपणामुळे अनधिकृत व्यवहार झाला असेल, तर बँकेला कळवेपर्यंतचे सारे नुकसान ग्राहकाचे. कळवल्यानंतर जे जाईल ते बँकेचे. चूक बँकेची किंवा ग्राहकाचीही नसेल, दोष यंत्रणेत अन्यत्र कुठे असेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर ग्राहकावर काहीच भार नाही. सायबर फसवणुकीसाठी राष्ट्रीय क्रमांक १९३० आहे. पूर्वी तो १५५२६० होता. तिथे तक्रार पोचली, की पैसे एका खात्यातून दुसऱ्या खात्यात सरकण्याआधी गोठवण्याचा प्रयत्न होतो आणि त्यात पहिले काही तासच कामाचे असतात. तक्रारीत ॲप कोठून आले ते लिहावे लागते. लढत पाहिली, हे लिहिल्याने गुन्हा होत नाही.